शोधूनही न सापडलेला तारा (आजचं चिंतन : गीता, अध्याय १८, श्लोक १३ ते १६)

॥ राम कृष्ण हरि ॥

दोन दिवस ऑफिसच्या कामामुळे लिहिणं झालं नाही, त्याबद्दल क्षमस्व.

आजचं वाचन अठराव्या अध्यायातलं आहे. या चार श्लोकांत भगवान अर्जुनाला सांगतात की कुठलंही कर्म घडतं, चांगलं असो की वाईट, त्याच्यामागे पाच कारणं असतात. अधिष्ठान, म्हणजे जिथे ते घडतं ती जागा, हे शरीर. मग कर्ता. मग करणं, म्हणजे इंद्रियं, साधनं. मग निरनिराळ्या चेष्टा, म्हणजे हालचाली, धडपड. आणि पाचवं दैव. पुढे ते म्हणतात की हे असं असताना जो अपक्व बुद्धीने एकट्या आत्म्यालाच कर्ता धरतो, त्याला खरं दिसत नाही.

आचार्यांनी इथे मुख्यतः आत्मा अकर्ता आहे हे समजावलं आहे, आणि तोच मूळ अर्थ आहे. मला तिथवर पोचायला अजून वेळ आहे. पण या श्लोकांनी मला एक लहानसा, घरगुती धडा शिकवला, आणि तो शिकवायला एका ताऱ्याची मदत झाली. गंमत म्हणजे तो तारा अस्तित्वातच नाही. आज तेच लिहितोय.

आधी घरातलं सांगतो. २०१९ मध्ये माझे बाबा गेले. २०२१ मध्ये माझी नोकरी गेली, चार महिने घरी बसलो. २०२३ मध्ये आम्हाला बाळ होणार होतं, ते तिसऱ्या महिन्यातच गेलं. आत्या भेटायला आली तेव्हा बोटं मोजत म्हणाली, "अरे, दर दोन वर्षांनी तुमच्या घरावर काहीतरी येतंय बघ. पत्रिका दाखव कुणाला तरी." तिचा जीव तुटत होता म्हणूनच ती बोलली, तिच्यावर माझा राग नाही.

पण ते वाक्य माझ्या डोक्यात बसलं. मी इंजिनिअर माणूस. ऑफिसात काही बंद पडलं की लॉग उघडायचे, वेळा जुळवायच्या, मूळ कारण शोधायचं, ही बारा वर्षांची सवय. एका रात्री मी लॅपटॉपवर खरंच तक्ता केला. तीन घटना, तीन तारखा, मधे दोन-दोन वर्षं. मग मागे गेलो. २०१७ ला काही सापडेना. बराच विचार केल्यावर आठवलं की त्या वर्षी गाडीवरून पडून हाताला प्लॅस्टर होतं. तेही घातलं. २०२० मध्ये आई कोरोनाने आठ दिवस दवाखान्यात होती, पण ते साल बसत नव्हतं म्हणून सोडून दिलं. सोडताना मला काही खटकलंही नाही, ही गोष्ट आज लिहिताना लाज वाटते.

झोप लागायची नाही त्या दिवसांत. मला आकाशाबद्दल वाचायची पहिल्यापासून आवड. असंच वाचताना नेमेसिस नावाच्या ताऱ्याची हकीकत समोर आली.

एका तक्त्यातून जन्मलेला तारा

१९८० मध्ये लुईस अल्वारेझ, त्यांचा भूवैज्ञानिक मुलगा वॉल्टर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सांगितलं की डायनोसॉर नाहीसे झाले त्याला अवकाशातून आदळलेला एक मोठा दगड कारणीभूत होता. इटलीत गुब्बिओजवळच्या खडकांत, नेमक्या त्या काळाच्या चिकणमातीच्या पातळ थरात, इरिडियम नावाचा धातू नेहमीपेक्षा कितीतरी जास्त सापडला होता. पृथ्वीच्या कवचात तो दुर्मीळ, अशनींमध्ये मात्र भरपूर. ही घटना साधारण ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वीची.

मग १९८४ च्या सुरुवातीला शिकागो विद्यापीठाचे डेव्हिड राउप आणि जॅक सेप्कोस्की यांचा लेख आला. त्यांनी २५ कोटी वर्षांतल्या समुद्री जीवांच्या नोंदी एकत्र मांडल्या आणि म्हणाले, जीवजातींचा सामूहिक नाश साधारण दर २ कोटी ६० लाख वर्षांनी होताना दिसतो. म्हणजे तक्ता, तारखा आणि मधे सारखं अंतर. मी अंथरुणात उठूनच बसलो!

अल्वारेझना हे पटलं नाही. त्यांनी खोडून काढणारं पत्र लिहिलं आणि पाठवण्याआधी बर्कलेतले आपले तरुण सहकारी रिचर्ड म्यूलर यांना तपासायला दिलं. म्यूलरनी विरुद्ध बाजू घेऊन वाद घातला, आणि त्या वादातूनच कल्पना निघाली. आपल्या सूर्याला एक जोडीदार असेल तर? मंद, तांबडा, अजून कुणी न ओळखलेला. लांबट कक्षेत फिरणारा. सूर्यमालेच्या दूर कडेला धूमकेतूंचा एक अफाट साठा असावा असं यान ऊर्ट यांनी १९५० मध्येच मांडलं होतं. हा तारा जवळ येताना तो साठा ढवळणार, धूमकेतूंचा लोंढा आतल्या बाजूला सुटणार, त्यातले काही पृथ्वीवर आदळणार, आणि जीवसृष्टीवर घाला पडणार. तारा परत लांब जाणार, पुन्हा २ कोटी ६० लाख वर्षांनी येणार.

म्यूलर, मार्क डेव्हिस आणि पीट हट यांचा लेख एप्रिल १९८४ मध्ये 'नेचर'मध्ये आला. त्याच अंकात डॅनियल व्हिटमायर आणि अल्बर्ट जॅक्सन यांनी स्वतंत्रपणे तीच कल्पना मांडली होती.

केप्लरचा तिसरा नियम वापरून मीही हिशेब केला. सूर्याभोवतीच्या फेरीला लागणाऱ्या वर्षांचा वर्ग करा, त्याचं घनमूळ काढा, म्हणजे सरासरी अंतर मिळतं, सूर्य-पृथ्वी अंतराच्या पटीत. २ कोटी ६० लाख वर्षांसाठी उत्तर येतं सुमारे ८८,०००. म्हणजे जवळजवळ दीड प्रकाशवर्ष. सगळ्यात जवळचा माहीत असलेला तारा, प्रॉक्झिमा सेंटॉरी, सव्वाचार प्रकाशवर्षांवर आहे. म्हणजे त्याच्या अलीकडेच कुणीतरी लपून बसलेलं असणार, अशी ही कल्पना. हिशेब अगदी चोख बसतो. माझाही बसला होता.

नाव ठेवण्याची गोष्ट

इथून पुढची हकीकत मला सगळ्यात जास्त आवडली.

डेव्हिस, हट आणि म्यूलर यांनी ताऱ्याचं नाव सुचवलं नेमेसिस. ही ग्रीकांची देवता, गर्विष्ठांना आणि उतलेल्यांना शासन करणारी. अथेन्सच्या ईशान्येला ऱ्हाम्नूस इथे तिचं प्रसिद्ध देऊळ होतं. त्यांनी आणखी तीन नावं पर्याय म्हणून दिली होती. एक संत जॉर्ज, ज्याने ड्रॅगन मारला. आणि दुसरी दोन आपली. एक काली, संहार करणारी तरी आपल्या भक्तांवर अपार माया करणारी. आणि दुसरा इंद्र, ज्याने वज्राने वृत्राला मारून पाणी मोकळं केलं. ताऱ्याच्या नावासाठी कालीमाता आणि इंद्र! शिवाय त्यांनी गमतीने असंही लिहिलं होतं की तारा सापडला नाही तर हा लेखच आमचा नेमेसिस ठरायचा.

त्याच वर्षी हार्वर्डचे जीवाश्मतज्ज्ञ स्टीफन जे गूल्ड यांनी एका निबंधात या नावाला हरकत घेतली. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं. नेमेसिस शिक्षा देते, म्हणजे जो मेला त्याचा काहीतरी अपराध होता असं त्या नावातच येतं. पण आकाशातून दगड पडून जे जीव संपले त्यांचा काय अपराध? ते उतले नव्हते, मातले नव्हते. आपापल्या परीने नीट जगत होते. त्यांच्या जाण्यामुळे दुसऱ्यांना जागा झाली, म्हणून तर आपण आहोत. त्यांनी सुचवलेलं नाव होतं शिव. कारण शिव कुणाचा सूड उगवत नाही, सृष्टी आणि संहार दोन्ही त्याच्याच नृत्यात आहेत.

गूल्ड यांना स्वतःला १९८२ मध्ये दुर्धर कर्करोगाचं निदान झालं होतं, हे मला नंतर कळलं. ते त्यातून वाचले आणि २००२ पर्यंत जगले. त्या निबंधाशी त्याचा संबंध जोडायचा मला अधिकार नाही. पण जोपर्यंत स्वतःवर वेळ येत नाही तोपर्यंत "का?" आणि "कुणाच्या चुकीमुळे?" हे दोन प्रश्न वेगळे आहेत हे कळत नाही, एवढं मी माझ्यापुरतं सांगू शकतो.

आमच्या घरातला नेमेसिस

आता जे लिहायला मला जड जातंय ते लिहितो.

आत्या निघून गेल्यावर पत्रिकेचं मी हसण्यावारी नेलं. राहू-केतूवर माझा विश्वास नाही, हे मी मोठ्या ऐटीत सांगायचो. आर्यभटाने इसवी सन ४९९ मध्येच ग्रहण सावलीमुळे होतं हे लिहून ठेवलंय, हेही सांगायचो. पण कुणीतरी जबाबदार असलंच पाहिजे ही ओढ माझ्यातून गेली नव्हती. तिने फक्त पत्ता बदलला. एका संध्याकाळी, जेवताना, मी बायकोला म्हणालो, "त्या दिवशी तू स्कूटीवरून गेली नसतीस तर…"

ती काही बोलली नाही. ताट उचलून आत गेली. रात्री उशिरा तिने विचारलं, "म्हणजे माझ्यामुळे गेलं, असं तुला वाटतं का?"

डॉक्टरांनी आम्हाला आधीच सांगितलं होतं की पहिल्या तीन महिन्यांत असं होतं तेव्हा बऱ्याचदा गर्भ घडतानाच गुणसूत्रांची जुळणी चुकलेली असते. स्कूटीने किंवा जिने चढल्याने ते होत नाही. मी ते ऐकलं होतं. पण त्या उत्तरात कुणाचा दोष नव्हता, म्हणून माझ्या मनाने ते उत्तर म्हणून घेतलंच नाही. मला कारण नको होतं, आरोपी हवा होता. आकाशातला ग्रह नाकारला आणि घरातलं माणूस पकडलं. दोन्हींत मला फरक वाटत होता. अंधश्रद्धा मात्र तीच होती, फक्त इंजिनिअरच्या भाषेतली.

तारा शोधायला निघालेली माणसं

इथे त्या शास्त्रज्ञांकडून मी काय शिकलो ते सांगतो. त्यांनी कल्पना केली, पण ती खोटी कशी ठरेल हेही सांगून ठेवलं. तारा असेल तर तो दिसलाच पाहिजे. दिसत नसेल तर तो सोडून द्यायचा.

मग शोध सुरू झाला. अनेक वर्षं, अनेक दुर्बिणी. डिसेंबर २००९ मध्ये नासाने वाइज ही अवरक्त दुर्बीण अवकाशात पाठवली. अवरक्त म्हणजे उष्णतेच्या प्रकाशात बघणारी, त्यामुळे मंद आणि थंड वस्तूही तिला दिसतात. तिने सगळं आकाश चाळलं. २०१४ मध्ये पेन स्टेट विद्यापीठाचे केविन लूमन यांनी त्या नोंदी तपासून सांगितलं की शनीएवढी वस्तू सूर्य-पृथ्वी अंतराच्या १०,००० पटींपर्यंत नाही, आणि गुरूएवढी २६,००० पटींपर्यंत नाही. त्याहून मोठा, स्वतः धगधगणारा तारा तर कितीतरी पलीकडे असता तरी दिसला असता. तो नाही.

दुसरी बाजूही ढासळली. २०१० मध्ये एड्रियन मेलॉट आणि रिचर्ड बॅम्बाख यांनी दाखवलं की विनाशाच्या त्या तारखा मानल्या, तर त्या फार नियमित आहेत. इतक्या लांबच्या कक्षेतल्या ताऱ्याला वाटेतले इतर तारे आणि आकाशगंगा स्वतः सतत ओढत राहणार, त्याची फेरी प्रत्येक वेळी थोडी मागेपुढे होणारच. म्हणजे ज्या नेमकेपणामुळे तारा सुचला, त्याच नेमकेपणाने त्याला बाद केलं. मुळात ही आवर्तनं खरी आहेत का, यावरही संशोधकांचं एकमत नाही.

पण शोध वाया गेला नाही. त्याच वाइजच्या नोंदींत लूमनना २०१३ मध्ये साडेसहा प्रकाशवर्षांवर तपकिरी बटूंची एक जोडी सापडली, आपल्या सगळ्यात जवळच्या शेजाऱ्यांपैकी एक. पुढच्या वर्षी आणखी एक सापडला, सुमारे साडेसात प्रकाशवर्षांवर, इतका थंड की त्याला तारा म्हणायलाही जीभ अडखळावी. नसलेला सोडला तेव्हा असलेले दिसले.

लोकांच्या मनातून मात्र नेमेसिस गेला नाही. २०१२ मध्ये जग बुडणार म्हणून जी आवई उठली होती, तीत एका लपलेल्या ग्रहाबरोबर याचंही नाव फिरत होतं. नासाला खुलासे करावे लागले. भीतीला पुरावा लागत नाही.

आमच्या तक्त्याचंही तेच. २०२५ मध्ये काय झालं म्हणाल, तर आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. छान झालं, आता ती चष्म्याशिवाय पेपर वाचते. आत्या म्हणाली, "बघ, झालंच ना काहीतरी!" मी हसलो, तीही हसली. पण तेव्हा लख्ख कळलं. जो तारा कधीच खोटा ठरू शकत नाही, तो आपल्या डोक्यावरून कधीच उतरत नाही.

पाच कारणांचा दिलासा

आता पुन्हा आजच्या श्लोकांकडे येऊ.

भगवंत पाच कारणं का मोजतात? एक म्हणाले असते तर सोपं झालं असतं. पण एकच कारण धरलं की सगळं ओझं त्या एकावर पडतं, मग तो ग्रह असो, सून असो, नाहीतर आपण स्वतः. बावीसाव्या श्लोकात तर ते सांगतातच, की एका लहानशा गोष्टीलाच सगळं समजून, विनाकारण तिलाच चिकटून बसणारं ज्ञान तामस असतं. माझा तक्ता तसला होता.

पाच म्हटल्यावर ओझं वाटलं जातं. जे घडलं त्यात शरीर होतं, त्याचे स्वतःचे नियम होते. माणसं होती. साधनं होती, औषधं होती. धडपड होती. आणि पाचवं दैव होतं, म्हणजे जे या चारांच्या हिशेबात मावत नाही ते. दैव म्हणजे शिक्षा असं तिथे लिहिलेलं नाही. मी दैवाला नेमेसिस समजत होतो. भगवंत त्याला फक्त पाचवी जागा देतात.

आणि याचा अर्थ जबाबदारी सोडायची असाही नाही. पाचांत कर्ता आहेच, चेष्टा आहेच. माझं जेवतानाचं ते वाक्य दैवाने बोललं नव्हतं, मी बोललो होतो. त्याची माफी मलाच मागायची होती. ती मी मागितली, पण चार दिवस उशिरा. बायको म्हणाली, "तुला त्रास होत होता हे मला कळत होतं. पण तू माझ्याजवळ रडायचं सोडून माझी चौकशी करत होतास." याच्यावर मी काय बोलणार? त्या रात्री आम्ही दोघं पहिल्यांदा त्या बाळासाठी एकत्र रडलो. तक्ता मी पुसून टाकला.

आजचा अभ्यास

१. आपल्या मनात कुणाला किंवा कशाला एकट्याने जबाबदार धरलंय, ते शांतपणे आठवा. त्या एका नावाच्या जागी पाचही कारणं लिहून बघा. दैवाची जागा रिकामी राहिली तर राहू द्या.

२. आपली समजूत खोटी असेल तर ते कशावरून कळेल, हे स्वतःला विचारा. कशावरूनच कळणार नसेल, तर ती समजूत तपासायला हवी.

३. घरात कुणी दुःखात असेल तर आज त्याला "कसं झालं?" विचारू नका. जवळ बसा.

देवा, जे माझ्या हातून झालं ते कबूल करायचं बळ दे. जे कुणाच्याच हातात नव्हतं ते कुणाच्या माथी मारण्यापासून मला आवर. आणि आकाशाकडे बघताना शत्रू शोधण्याऐवजी तुझं नृत्य दिसेल एवढी नजर दे.

उद्या सतरावा श्लोक, अहंकार नसलेल्या कर्त्याबद्दल.

॥ राम कृष्ण हरि ॥